अडकलेली सीडी आणि पळणाऱ्या गाड्या

आपल्या समाजातील पुष्कळ घरांतून आज एक चमत्कारिक वस्तू जपून ठेवलेली आढळते. ती कोणाच्या उपयोगी पडत नाही, तिला बाजारात गिऱ्हाईक नाही, आणि तरीही ती टाकून देण्याची गोष्ट निघाली की घरातील चाळिशीला टेकलेला मुलगा पुण्याहून, बंगळुरूहून किंवा थेट न्यू जर्सीहून फोनवर कळवळून सांगतो, "बाबा, तेवढी टाकू नका हं!" आजोबांची पंचांगे रद्दीत गेली तेव्हा याच चिरंजीवांनी चकार शब्द काढलेला नसतो. परंतु संगणकावरील मोटार-शर्यतीच्या एका जुन्या खेळाची सीडी म्हटली की त्यांचा गळा दाटून येतो.

गेल्या वर्षभरात निरनिराळ्या घरांतून आम्हांस एकच प्रश्न विचारला गेला. सीडी आहे, नवा संगणकही आहे, मग खेळ का चालत नाही? मराठी शिकविणाऱ्या माणसाला हे विचारावे याचे कोणास नवल वाटेल. पण सरकारी शाळेच्या मुख्याध्यापकाला गळक्या कौलांपासून रुसलेल्या संगणकापर्यंत सारेच निस्तरावे लागत असल्याने या विद्येशी आमचा परिचय आहे. शिवाय प्रश्न वरवर यंत्राचा दिसला तरी त्याचे मूळ दुसरीकडेच आहे, असे आम्हांस वाटू लागले. म्हणून या महिन्यात हाच विषय घेतो.

आधी तो काळ डोळ्यांसमोर आणावा. १९९५ ते २००५ ही साधारण दहा वर्षे. घरात संगणक आला तो 'मुलांच्या अभ्यासासाठी'. त्यासाठी पतपेढीचे कर्ज काढलेले, आईने त्याला शिवलेली झालर-लावली खोळ, आणि खोलीत शिरताना चपला बाहेर काढण्याची सक्ती. महिन्याभरातच अभ्यास बाजूस राहिला आणि पडद्यावर गाड्या धावू लागल्या. 'नीड फॉर स्पीड' हा खेळ प्रथम १९९४ साली एका वेगळ्या खेळयंत्रासाठी निघाला व १९९५ मध्ये संगणकावर आला. १९९७ मध्ये त्याचा दुसरा भाग, १९९८ मध्ये तिसरा. 'रोड रॅश' हा मोटारसायकलींचा खेळ मुळात १९९१ चा, संगणकावर तो १९९६ मध्ये आला. १९९९ मध्ये 'मिडटाउन मॅडनेस' निघाला. त्यात अमेरिकेतील शिकागो शहरात मनाला येईल तिकडे गाडी हाकता येई, आणि गाडी पदपथावर चढली तरी पादचारी टुणकन उडी मारून बाजूला होत, कोणी चिरडला जात नसे.

या खेळांना भाषा लागत नव्हती, हे त्यांच्या लोकप्रियतेचे मोठे कारण. इंग्रजीचा गंध नसलेल्या मुलालाही चार बाणांच्या कळा पुरत. दुसरे कारण म्हणजे दोघांना एकत्र खेळण्याची सोय. 'नीड फॉर स्पीड'च्या दुसऱ्या भागात पडद्याचे दोन भाग करून दोन भाऊ एकाच कीबोर्डवर खेळू शकत, एक बाणांवर आणि दुसरा अक्षरांच्या कळांवर. एकाच्या कोपराने दुसऱ्याची गाडी दरीत जाई आणि मग खऱ्याखुऱ्या गुद्द्यांची शर्यत सुरू होई. बाहेर रस्त्यावर मारुती आठशे आणि बजाजची स्कूटर, तर आत मॅक्लारेन, फेरारी आणि जॅग्वार. त्याच खेळात एक रस्ता नेपाळातील हिमशिखरांतून जाई. आमच्या ओळखीच्या एका आजीबाई त्या पर्वतांकडे पाहून हात जोडीत आणि नातवाला म्हणत, "अरे, देवभूमी आहे ती, जरा हळू हाक."

आता त्या सीडीकडे वळू. ही तबकडी फिलिप्स व सोनी या दोन कंपन्यांनी मिळून सिद्ध केली आणि १९८२ मध्ये ती संगीतासाठी बाजारात आली. व्यास १२० मिलिमीटर, जाडी १.२ मिलिमीटर. तिच्यात सुमारे ६५० मेगाबाइट मजकूर मावे. त्या काळच्या १.४४ मेगाबाइटच्या फ्लॉपीशी तुलना केली तर एका सीडीत साडेचारशे फ्लॉप्यांचा ऐवज! हा मजकूर सूक्ष्म खळग्यांच्या रूपाने एका नागमोडी वेटोळ्यावर कोरलेला असतो. हे वेटोळे मध्यापासून कडेकडे जाते. उलगडून सरळ केले तर ते पाच किलोमीटरहून अधिक लांब भरेल. शेजारच्या दोन वेढ्यांतील अंतर १.६ मायक्रोमीटर, म्हणजे आपल्या डोक्याचा एक केस आडवा ठेवला तर त्याखाली चाळीसएक वेढे झाकले जातील. एक लेसरचा किरण खालून या खळग्यांवर पडतो, ॲल्युमिनियमच्या पातळ थरावरून परततो, आणि त्या परतण्यातील फरकावरून यंत्र मजकूर ओळखते.

यातून एक व्यावहारिक गोष्ट निष्पन्न होते व ती बहुतेकांस ठाऊक नसते. आपण सगळे सीडीची खालची चकचकीत बाजू जपतो आणि वरच्या चित्राच्या बाजूकडे दुर्लक्ष करतो. वास्तविक नाजूक बाजू वरचीच. खालून किरणाला प्लॅस्टिकची जवळजवळ सगळी जाडी पार करावी लागते, त्यामुळे खालचा बारीक ओरखडा बऱ्याच वेळा निभावून जातो. उलट वर ॲल्युमिनियमचा थर आणि बाहेरचे जग यांच्यामध्ये केवळ वार्निशाचा पातळ पापुद्रा असतो. त्यावर मुलाने बॉलपेनने दाबून 'माझी सीडी, हात लावू नये' असे लिहिले की मजकुरासकट थर खरवडला जातो. उजेडासमोर धरून पाहिल्यास अशी सीडी टाचणीने टोचलेल्या पत्र्यासारखी दिसते. ती पुन्हा दुरुस्त होत नाही.

खालच्या ओरखड्यांतही प्रकार असतात. मजकूर लिहितानाच त्यात चुका भरून काढण्याचे गणित गुंफलेले असते. एखादे अक्षर पुसले गेले तरी पुढच्यामागच्या अक्षरांवरून वाचक शब्द लावतो, तसेच हे. सलग सुमारे अडीच मिलिमीटरपर्यंतची तूट यंत्र स्वतः भरून काढते. म्हणून मध्याकडून कडेकडे गेलेला सरळ चरा प्रत्येक वेढ्याला क्षणभरच छेदतो व चालून जातो, पण वेढ्याच्या दिशेने गेलेला वर्तुळाकार चरा घातक ठरतो. मुले सीडी शर्टाला गोल गोल घासून पुसत, म्हणजे नेमके नको तेच करीत. सीडी पुसावी ती मऊ सुती कापडाने, मध्यापासून बाहेर, सरळ रेषेत.

आणखी एक शत्रू म्हणजे वेग. संगीताची तबकडी मिनिटाला दोनशे ते पाचशे फेरे घेते. पुढे निघालेली बावन्नपट वेगाची ड्राइव्ह तिला मिनिटाला सुमारे दहा हजार फेरे देई. ते विमान उडाल्यासारखे घूंऽऽ ज्यांनी ऐकले आहे त्यांस सांगावयास नको. मध्याजवळ बारीक तडा असलेली तबकडी अशा वेगात फुटून तिचे तुकडे होत. तडा दिसला तर ती सीडी कोणत्याही मोहाने यंत्रात घालू नये.

आता कोणी म्हणेल, आमची सीडी आरशासारखी स्वच्छ आहे, तरी खेळ चालत नाही. येथे दुसरे प्रकरण सुरू होते. त्या काळी हार्ड डिस्क लहान असल्याने खेळाचा बराच भाग सीडीवरच राही व खेळताना ती यंत्रात ठेवावी लागे. पुढे जागेची अडचण सरली, पण सीडी आत हवी हा नियम मात्र राहिला. कारण आता ती कुलूप आणि किल्ली बनली होती. 'सेफडिस्क', 'सिक्युरॉम' अशा नावांच्या योजना निघाल्या. सेफडिस्कमध्ये सीडीवर जाणूनबुजून काही न वाचता येणारे भाग ठेवलेले असत. साध्या नकलेत ते उतरत नसत, आणि ते आढळले तरच खेळ उघडे. या तपासणीसाठी विंडोजच्या पोटात खोलवर एक कार्यक्रम बसविलेला असे. सुरक्षिततेस धोका म्हणून मायक्रोसॉफ्टने २०१५ मध्ये विंडोज १० मधून तो वगळला आणि त्याच वर्षी जुन्या विंडोजमध्येही बंद पाडला. परिणाम असा की किल्ली शाबूत, पण दाराला किल्लीचे भोकच उरले नाही. शिवाय विसाव्या शतकाच्या अखेरीच्या कित्येक खेळांचा 'सेटअप' सोळा-बिटी पद्धतीचा होता. आजच्या चौसष्ट-बिटी विंडोजला ती भाषा मुळीच कळत नाही. आणि काही जुने खेळ चालले तरी नव्या संगणकाच्या गतीने इतके सुसाट पळतात, की वळण दिसण्याआधीच गाडी कठड्यावर आदळलेली असते.

येथे एक विनोद घडला आहे व तो शिक्षकी पेशाच्या माणसाला गिळणे कठीण जाते. ज्याने पदरचे पैसे मोजून खोक्यातली अस्सल सीडी घेतली, त्याचा खेळ आज कुलपापाशी अडतो. ज्याने मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून स्वस्तातली चोरटी प्रत आणली, त्याच्या प्रतीतील कुलूप चोरानेच मोडलेले असल्याने ती कधी कधी अजून चालते! अर्थात चोराचे कौतुक करण्याचे कारण नाही. चोरट्या प्रती बहुधा घरगुती कोऱ्या सीडीवर उतरविलेल्या असत, आणि त्यांतील मजकूर खळग्यांत नसून रंगद्रव्याच्या थरात असतो. ऊन व उष्णता यांनी तो रंग विटतो. उन्हाळ्यात माळ्यावर तापणाऱ्या डब्यात वीस वर्षे काढल्यावर त्यातील पुष्कळशा प्रती मुक्या झाल्या आहेत. ज्या दोन बाजूंची आपण नीतीच्या तराजूत तुलना करतो, त्या दोघींनाही काळाने एकाच पारड्यात टाकले.

हा प्रकार पाहताना आम्हांस राहून राहून मोडी कागदांची आठवण होते. होळकर, शिंदे, गायकवाड यांच्या राज्यांत आपल्या पूर्वजांनी चाकरी केली. सनदा, हिशेब, घरगुती पत्रे मोडीत लिहिली. शाळांतून मोडी गेली आणि दोन पिढ्यांत त्या कागदांना वाचक उरला नाही. कागद तसाच, शाई तशीच, फक्त ओळखणारा डोळा गेला. आम्ही एका घरात पणजोबांचे पत्र देव्हाऱ्यात ठेवलेले पाहिले आहे. त्यात काय लिहिले आहे हे घरात कोणालाच ठाऊक नव्हते. वाचून घेतले तेव्हा ते गुळाच्या उधारीचे निघाले! पण त्यातल्या एका ओळीत पणजीच्या दुखण्याची चौकशी होती, आणि त्या एका ओळीसाठी घरातील बायकांनी डोळे पुसले. मोडीचा वाचक जायला दोन पिढ्या लागल्या. सीडीचा वाचक वीस वर्षांत गेला. आज विकत मिळणाऱ्या बहुतेक संगणकांना सीडीची खाचच नसते.

जुन्या गोष्टींच्या या ओढीला इंग्रजीत 'नॉस्टाल्जिया' म्हणतात. हा शब्द योहानेस होफर नावाच्या स्विस वैद्यकाच्या विद्यार्थ्याने १६८८ मध्ये घडविला. ग्रीक भाषेतील 'घरी परतणे' आणि 'वेदना' या दोन शब्दांचा तो जोड आहे, आणि परमुलखात राहणाऱ्यांना जडणाऱ्या एका रोगाचे नाव म्हणून तो आला. मराठीत आपण त्याला 'स्मरणरंजन' म्हणतो. शब्द गोड आहे, पण त्यात रंजन राहिले आणि वेदना गळाली. 'गतकातरता' या दुसऱ्या शब्दात ती थोडी आहे. आपल्यासारख्या, महाराष्ट्राबाहेर पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या माणसांना तो मूळचा अर्थ समजावून सांगण्याची गरज नाही. मुलगा बोस्टनमध्ये बसून ज्या खेळाची आठवण काढतो, त्यात गाडीचा भाग थोडा असतो. त्याला हवी असते ती उन्हाळ्याच्या सुट्टीतली दुपार, खोलीबाहेर आईने ठेवलेले पन्ह्याचे पेले, "आता पुरे, डोळे बिघडतील" ही वडिलांची हाक आणि शेजारच्या खुर्चीवरचा भाऊ.

आमच्या एका स्नेह्यांची हकिकत सांगितल्यावाचून हा विषय पुरा होणार नाही. ते बँकेतून निवृत्त झालेले गृहस्थ. त्यांना दोन मुलगे. धाकटा २००९ साली अल्पशा आजाराने गेला, थोरला परदेशी स्थायिक झाला. दोघांच्या आवडत्या खेळाची सीडी वडिलांनी रेशमी रुमालात गुंडाळून कपाटात ठेवली होती. मध्यंतरी थोरला महिनाभर आला. त्याने ओळखीतून विंडोज ९८ असलेला एक जुना संगणक मिळविला, सीडी पुसली, आणि काय आश्चर्य, खेळ सुरू झाला. तेच संगीत, तोच रस्ता. मग त्याने विक्रमांचा तक्ता उघडला. धाकट्याने लावलेला सर्वांत वेगवान फेरीचा विक्रम मोडण्यासाठी थोरला तेव्हा रात्र रात्र जागला होता आणि तो विक्रम अखेरपर्यंत मोडला नव्हता. तक्त्यात धाकट्याचे नाव नव्हते. असणार कसे? सीडीवर फक्त वाचता येते, लिहिता येत नाही. खेळणाऱ्याची नावे, वेळा, जिंकलेल्या गाड्या हे सारे संगणकाच्या हार्ड डिस्कवर लिहिले जाई. तो संगणक कित्येक वर्षांपूर्वी भंगारवाल्याने नेला होता. आमचे स्नेही काही वेळ पडद्याकडे पाहत राहिले आणि म्हणाले, "म्हणजे आम्ही डबी जपली आणि दागिना मोडीत घातला."

या वाक्यावर आम्ही पुष्कळ विचार केला आहे. त्यात त्यांचा दोष काडीचाही नाही. कोणत्या वस्तूत काय साठले आहे हे त्यांना कोणी सांगितलेच नव्हते. म्हणून आम्ही ते येथे सांगतो.

पहिली गोष्ट, घरात एखादा जुना संगणक अजून पडला असेल तर भंगारात देण्यापूर्वी त्याची हार्ड डिस्क काढून घ्यावी. पुस्तकाएवढीही जागा ती घेत नाही. साध्या जोडणी-यंत्राने ती नव्या संगणकाला जोडून आतल्या फाइली उतरवून घेता येतात. मुलांचे विक्रम, त्यांची पहिली निबंधवही, एखादे अर्धवट पत्र, काय काय निघेल सांगता येत नाही.

दुसरी गोष्ट, चालू स्थितीतील सीड्यांची नक्कल आजच करावी, 'पुढे पाहू' म्हणू नये. यूएसबीला जोडता येणारी बाहेरची सीडी ड्राइव्ह अजून मिळते. वेग कमी ठेवून संपूर्ण सीडीची एक फाइल करून ठेवावी. एका यंत्रात वाचली गेली नाही तर दुसऱ्यात घालून पाहावी. प्रत्येक यंत्राची नजर थोडी वेगळी असते आणि एकाला न दिसणारे दुसऱ्याला दिसते. कुलूपबंद सीड्यांची नक्कल साध्या रीतीने होत नाही, हे मात्र ध्यानात असावे. कायद्याची भीती बाळगण्याचे कारण नाही. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या बावन्नाव्या कलमात, कायदेशीरपणे जवळ असलेल्या संगणक-कार्यक्रमाची नाश वा नुकसान यांपासून संरक्षण म्हणून राखीव प्रत करण्यास मुभा आहे.

तिसरी गोष्ट, खेळ चालविण्यासाठी जुनाच संगणक हवा असे नाही. डॉसवरील खेळांसाठी 'डॉसबॉक्स' हा विनामूल्य कार्यक्रम २००२ पासून उपलब्ध आहे. तो नव्या संगणकात जुना संगणक भासवितो आणि त्याची गतीही आवरून धरतो. विंडोज ९८ साठीही अशाच भासमान संगणकाची युक्ती करता येते. 'कुलूप तोडून देतो' म्हणणाऱ्या अनोळखी ठिकाणांहून मात्र काही उतरवून घेऊ नये. खेळाबरोबर नको तो पाहुणा घरात शिरतो. आणि सीड्या ठेवाव्यात त्या थंड, कोरड्या, अंधाऱ्या जागी, उभ्या, प्रत्येकीला स्वतंत्र डबी. माळ्यावर, पत्र्याच्या डब्यात, कधीही नव्हे.

आता कोणी विचारील, हल्ली सीडीच नाही, सारे इंटरनेटवरून येते, मग ही कटकट मिटली ना? मिटली नाही, वाढली. 'नीड फॉर स्पीड' मालिकेतील काही भागांची इंटरनेटवरील विक्री २०२१ च्या मे महिन्यात बंद झाली आणि त्याच वर्षी ऑगस्टअखेर त्यांचे सर्व्हरही थांबले. 'द क्रू' हा २०१४ चा मोटार-शर्यतीचा खेळ कंपनीच्या सर्व्हरवाचून चालतच नसे. ३१ मार्च २०२४ रोजी ते सर्व्हर बंद झाले आणि पैसे देऊन घेतलेला खेळ, तबकडी हातात असणाऱ्यांनाही, उघडेनासा झाला. त्यावरून युरोपात 'स्टॉप किलिंग गेम्स' ही चळवळ उभी राहिली आणि २०२५ मध्ये तिच्या मागणीपत्रावर दहा लाखांहून अधिक सह्या जमल्या. विकत घेतलेली वस्तू आपली की भाड्याची, हा त्यांचा प्रश्न आहे, आणि तो खेळापुरता नाही. आपली छायाचित्रे, पत्रे, मुलांचे बोबडे बोल आज कोणाच्या तरी दूरच्या गोदामात ठेवलेले आहेत.

वाचकहो, प्रत्येक वस्तू जपता येत नाही आणि जपूही नये. घर म्हणजे वस्तुसंग्रहालय नव्हे. परंतु काय टाकावे हे ठरविताना त्या वस्तूची किंमत बाजाराला न विचारता ज्याने ती वापरली त्याला एकदा विचारावी. मुलगा फोनवर "टाकू नका" म्हणाला, तर "का रे?" असे विचारून पाच मिनिटे त्याचे ऐकावे. गाडी, रस्ता, विक्रम, भावाचे कोपर, सारे तो सांगेल. कदाचित त्या पाच मिनिटांत सीडीतून जे निघाले नसते तेही निघेल. आणि मग ते एका वहीत, तारीख घालून, मराठीत लिहून ठेवावे. त्या वहीला ना कुलूप लागते, ना ड्राइव्ह. वाचणारा मात्र लागतो, आणि तो तयार करणे अजून आपल्या हाती आहे.